लाल डगल्यांच्या मागावर: हॅनोव्हर ते लांगेनझाल्झा

आज हॅनोव्हर म्हटले की जर्मनीतले एक शहर आणि तिथले औद्योगिक प्रदर्शन आठवते. १८६६ सालापर्यंत मात्र हे एका राज्याचे नाव होते. १७१४ ते १८३७ या काळात तिथला राज्यकर्ता आणि इंग्लंडचा राजा ही एकच व्यक्ती असे. त्यामुळे हॅनोव्हरचे पायदळ इंग्रजांसारखाच लाल डगला घालत असे आणि इंग्रज जिथे लढत तिथे त्यालाही जावे लागे. या पायदळाशी माझी ओळख हैदर आणि टिपू यांच्या युद्धांविषयी वाचताना झाली. १७८२ मध्ये सालबाईच्या तहाने कंपनीचा मराठ्यांशी समेट झाला, पण म्हैसूरशी आणि म्हैसूरच्या बाजूने उभ्या असलेल्या फ्रेंचांशी तिचे युद्ध चालूच राहिले. या युद्धासाठी कंपनीने हॅनोव्हरकडून पायदळाच्या दोन रेजिमेंटी घेतल्या होत्या. त्या १७८१ मध्ये उभारल्या गेल्या आणि १३ जून १७८३ रोजी कडलूरच्या लढाईत फ्रेंचांच्या मोर्चांवर चालून गेल्या. तमिळनाडूच्या किनाऱ्यावर जर्मन बोलणारे लाल डगलेवाले शिपाई कसे आले, ते कोणत्या गावांतून निघाले आणि त्यांच्या राज्याचे पुढे काय झाले, हे प्रश्न मनात घर करून बसले होते. यंदा जूनच्या शेवटच्या आठवड्यात तो प्रवास घडला.

गुरुवार, हॅनोव्हर

रेल्वे स्थानकाबाहेर पडताच घोड्यावर बसलेला राजा अर्न्स्ट आउगुस्ट समोर येतो. त्याच्या अंगावर हुसार घोडदळाचा गणवेश आहे. शहरातले लोक एकमेकांना भेटायची जागा ठरवताना ‘शेपटीखाली’ एवढेच म्हणतात आणि ऐकणाऱ्याला या पुतळ्याच्या घोड्याची शेपटी बरोबर कळते. आम्ही पोहोचलो तेव्हाही त्या शेपटीखाली शाळकरी मुलांचा एक घोळका कुणाची तरी वाट पाहत उभा होता. १८३७ साली व्हिक्टोरिया इंग्लंडच्या गादीवर आली. हॅनोव्हरच्या वारसाहक्कात पुरुष वारस असताना स्त्रीला गादी मिळत नसे, म्हणून तिचा हा काका हॅनोव्हरचा राजा झाला आणि दोन्ही देशांची वाट वेगळी झाली. पायदळाचा लाल डगला उतरवून त्याला प्रशिया या बलाढ्य जर्मन राज्याच्या धर्तीचा गडद निळा डगला याच राजाने दिला. या राज्याला पुढे ज्याने गिळले, त्याच्याच पोशाखाची नक्कल आधी सुरू झाली होती, हे मला या पुतळ्यापुढे उभे असताना फार लागले.

शहर पाहायला सोपी युक्ती अशी, की फुटपाथवर रंगवलेली एक लाल रेघ धरून चालावे. ही रेघ ४,२०० मीटर लांब असून ३६ प्रेक्षणीय ठिकाणांवरून फिरवून पुन्हा स्थानकाशी आणून सोडते. स्थळांची माहितीपुस्तिका पर्यटन कार्यालयात मिळते. निवांत पाहत गेले तर अर्धा दिवस लागतो.

याच वाटेवर लाल विटांचे मार्क्टकिर्शं हे जुने चर्च आहे. योहान आडोल्फ श्लेगेल इथे धर्मोपदेशक होते. त्यांच्या मुलांपैकी आउगुस्ट विल्हेल्म आणि फ्रीडरिश यांची नावे संस्कृतच्या अभ्यासकांना परिचित असतात. फ्रीडरिशने १८०८ साली भारतीयांची भाषा आणि ज्ञान यांवर ग्रंथ लिहिला, तर आउगुस्ट विल्हेल्म बॉन विद्यापीठात संस्कृत शिकवू लागला आणि १८२३ मध्ये त्याने भगवद्गीतेची लॅटिन भाषांतरासह आवृत्ती काढली. त्यांचा थोरला भाऊ कार्ल मात्र याच हॅनोव्हरच्या रेजिमेंटीतून अधिकारी म्हणून भारतात गेला आणि १७८९ साली मद्रासमध्ये वारला. भारतात गेलेल्या या पलटणींतली जितकी माणसे लढाईत पडली, त्यांहून कितीतरी जास्त माणसे तापाने आणि हगवणीने गेली. उरलेले १७९१ नंतर परतले. ज्या घरातला एक मुलगा पलटणीबरोबर जाऊन परत आला नाही, त्याच घरातून पुढे गीता युरोपच्या विद्यापीठांत पोहोचली. चर्चमध्ये त्या मुलाचे नाव शोधत मी बराच वेळ फिरलो. तिथल्या वृद्ध सेविकेला श्लेगेल बंधू माहीत होते, पण तिसऱ्या भावाची गोष्ट तिने प्रथमच ऐकली आणि मला ती दोनदा सांगायला लावली.

दुपारी ऊन चढले होते, तरी वॉटर्लू चौकापर्यंत चालतच गेलो. एके काळी हे कवायतीचे मैदान होते आणि त्याच्या दोन्ही बाजूंना बराकी होत्या. १८३२ साली वास्तुकार लाव्हेस याने उभारलेला ४६ मीटर उंचीचा स्तंभ इथे आहे आणि त्याच्या माथ्यावर विजयदेवता उभी आहे. १८ जून १८१५ रोजी वॉटर्लूवर पडलेल्या हॅनोव्हरी सैनिकांची नावे पायथ्याशी कोरलेली आहेत. त्यांत अधिकारी आहेत तसे साधे शिपाईही आहेत. रेजिमेंट, मग हुद्दा, मग नाव, अशा क्रमाने ती वाचत गेलो आणि नावांवरूनच गावागावांतले शेतकरी डोळ्यांपुढे येत गेले.

या स्तंभाचा अर्थ लागायला १८०३ साली मागे जावे लागते. त्या वर्षी नेपोलियनच्या फौजेने हॅनोव्हर व्यापले आणि जुलैमधल्या आर्टलेनबुर्गच्या कराराने हॅनोव्हरचे सैन्य बरखास्त झाले. घरी बसलेले शिपाई आणि अधिकारी एकेक, दोघेदोघे करून समुद्र ओलांडून इंग्लंडला पोहोचू लागले आणि त्यांतून राजाची जर्मन लीजन, म्हणजे इंग्लंडच्या राजाच्या सेवेतली जर्मन फौज, उभी राहिली. तिच्या पायदळात आठ लाइन आणि दोन हलक्या बटालियन होत्या. वॉटर्लूच्या मध्यभागी असलेली ला हे सँत ही शेतवाडी दुसऱ्या हलक्या बटालियनने मेजर गेओर्ग बारिंगच्या हाताखाली दिवसभर धरून ठेवली. सुमारे ४०० माणसांनी ही लढाई सुरू केली, पुढे मदतीला काही तुकड्या आल्या. बारिंगने काडतुसांसाठी पुन्हा पुन्हा निरोप धाडले, पण त्यांच्या रायफलींची काडतुसे आली नाहीत. संध्याकाळी वाडी सोडावी लागली तेव्हा त्याच्या स्वतःच्या बटालियनमधली ४२ माणसे त्याच्यासोबत उरली होती. इंग्रजी लिखाणात या दिवसाचे श्रेय बहुधा इंग्रज रेजिमेंटींकडे जाते. ज्यांच्या हातात गोळी उरली नाही त्यांनी मधली फळी किती तास तोलून धरली, हे या दगडापुढे उभे राहिले की नीट कळते.

चौकाजवळच अभिलेखागाराच्या इमारतीसमोर लीजनचा सेनानी कार्ल फॉन आल्टेन याचा पुतळा आहे. तो अनेक जण न पाहताच पुढे जातात. तसे करू नये.

शुक्रवार, सेल्लं

हॅनोव्हरहून सेल्लंला स्थानिक गाडीने अर्ध्या-पाऊण तासात जाता येते. या भागात एका दिवसात बरेच फिरायचे असेल, तर नीडरझाक्सन राज्याचे दिवसाचे तिकीट काढावे. ते सर्व प्रादेशिक गाड्यांना चालते आणि सोबत माणसे असली तर आणखी स्वस्त पडते. मात्र वेगवान आयसीई किंवा आयसी गाडीत ते चालत नाही. आठवड्याच्या कामाच्या दिवशी सकाळी नऊनंतरच ते लागू होते, हे लक्षात ठेवावे.

सेल्लं हे लाकडी चौकटीच्या घरांचे गाव आहे. घरांच्या तुळयांवर कोरलेली वचने, त्यांवरचे रंग आणि खिडक्यांतली लाल जिरेनियमची फुले पाहत राजवाड्यापर्यंत जावे. त्याच्या समोरच बोमान संग्रहालय आहे. या भागातल्या शेतकऱ्यांचे जुने जीवन दाखवणारे हे संग्रहालय मुळात प्रसिद्ध असले, तरी हॅनोव्हरच्या सैन्याच्या आठवणी जपण्याचे कामही इथे दीर्घकाळ झाले आहे. तिथल्या एका बाईंना मी आपल्या येण्याचे कारण सांगितले, तेव्हा त्या स्वतः उठून माझ्यासोबत आल्या. भारतातून कुणीतरी हॅनोव्हरच्या पायदळासाठी आले आहे, याचा त्यांना झालेला आनंद त्यांनी लपवला नाही.

त्यांच्याकडून मी जिब्राल्टरची गोष्ट सविस्तर ऐकली. १७७५ साली अमेरिकेतले बंड मोडायला इंग्लंडला स्वतःचे सैनिक हवे होते, म्हणून भूमध्य समुद्रातली ठाणी सांभाळायला हॅनोव्हरच्या पाच बटालियन पाठवल्या गेल्या. त्या वेळी रेजिमेंट तिच्या प्रमुखाच्या नावाने ओळखली जाई. हार्डेनबेर्ग, रेडेन आणि दं ला मोट या तीन जिब्राल्टरला गेल्या आणि १७७९ ते १७८३ हा प्रदीर्घ वेढा त्यांनी सोसला. प्रिन्स अर्न्स्ट आणि गोल्डाकर या दोन मिनोर्का बेटावर गेल्या. तिथल्या किल्ल्यात स्कर्व्हीच्या रोगाने शिबंदी इतकी खंगली, की फेब्रुवारी १७८२ मध्ये तिला शरण जावे लागले. जिब्राल्टरच्या शिपायांना नंतर बाहीवर ‘जिब्राल्टर’ अशी अक्षरे विणलेली पट्टी मिळाली. मिनोर्काच्या शिपायांनी कमी सोसले नव्हते, पण त्यांना अशी पट्टी मिळाली नाही आणि त्यांचे नावही फारसे कुणाला आठवत नाही. बाई हे सांगताना थोड्या थांबल्या आणि म्हणाल्या, “हरलेल्या वेढ्याची पट्टी कोण विणणार?”

त्या पट्टीची पुढची कथा अधिक विलक्षण आहे. १८६६ मध्ये प्रशियाने हॅनोव्हर खालसा केले, जुन्या रेजिमेंटी मोडल्या आणि या प्रांतात स्वतःच्या क्रमांकाच्या नव्या रेजिमेंटी उभारल्या. ७३, ७४, ७७, ७८ आणि ७९ हे त्यांचे क्रमांक. जुन्या शिपायांचा या नव्या सैन्याशी काही संबंध नव्हता आणि अनेकांच्या मनात कडवटपणाही होता. मग जानेवारी १८९९ मध्ये सम्राट दुसऱ्या विल्हेल्मने फर्मान काढले, की हॅनोव्हर प्रांतातल्या प्रशियन रेजिमेंटी या जुन्या हॅनोव्हरी रेजिमेंटींच्या वारस मानल्या जाव्यात. त्यानंतर ७३ आणि ७९ क्रमांकाच्या रेजिमेंटी आणि दहावी येगर (नेमबाज हलक्या पायदळाची) बटालियन यांच्या बाहीवर जिब्राल्टरची पट्टी आली. राज्य मोडणाऱ्यानेच त्या राज्याचा पराक्रम आपल्या गणवेशावर शिवून घेतला. यामागे लोकांना जिंकून घेण्याचा हिशेब होता हे उघड आहे. तरीही पहिल्या महायुद्धात त्या पट्टीसह मेलेल्या हजारो पोरांना ती आपलीच वाटत होती, आणि त्यांच्या त्या वाटण्याला खोटे म्हणायला माझे मन धजत नाही.

सेल्लंमधले आजचे नगरपालिकेचे कार्यालय पूर्वी ७७व्या रेजिमेंटीची बराक होते. विटांची ती लांबलचक इमारत बाहेरून पाहता येते. पाहून झाल्यावर गावातल्या एखाद्या कॅफेत बकव्हीटच्या पिठाचा केक अवश्य खावा. आपल्याकडे उपासाला जो कुट्टू चालतो त्याचेच हे पीठ. या केकमध्ये मलई आणि आंबट लाल रानफळांच्या मुरंब्याचे थर असतात. रेताड माळरानात गहू नीट येत नसे, म्हणून इथले शेतकरी हे पीक घेत. पायदळातले बहुसंख्य शिपाई याच शेतांतून येत.

शनिवार, गॉटिंगेन

गॉटिंगेनला माझी भाची शिकते. तिने स्थानकावरूनच मला शहराच्या जुन्या तटावर नेले. या तटावरून पूर्ण शहराभोवती फिरता येते आणि जूनमध्ये लिंडनच्या झाडांचा सुगंध दरवळत असतो. तटालगत एक लहानसे गोल घर आहे. १८३२-३३ मध्ये, पुढे प्रशियाचा पंतप्रधान झालेला बिस्मार्क इथल्या विद्यापीठात शिकत असताना त्यात राहत होता. ज्या शहराने त्याला शिकवले, ते ज्या राज्याचे होते ते राज्य त्यानेच ३३ वर्षांनंतर संपवले.

१८६६च्या जूनमध्ये ऑस्ट्रिया आणि प्रशिया यांच्यातले युद्ध अटळ झाले, तेव्हा १५ तारखेला प्रशियाने हॅनोव्हरला निर्वाणीचा खलिता दिला. राजा पाचवा गेओर्ग अंध होता. त्याने तो खलिता फेटाळला, रात्रीच राजधानी सोडली आणि सारे सैन्य गॉटिंगेनला गोळा करायला सांगितले. पायदळात त्या वेळी आठ रेजिमेंटी होत्या: गार्ड, लाइब आणि दुसरी ते सातवी. प्रत्येकीच्या दोन बटालियन, त्यांच्याखेरीज चार येगर बटालियन, म्हणजे एकूण २० बटालियन. रजेवरची माणसे रेल्वेने, गाडीने, पायी येऊन पोहोचली. दारूगोळा आणि सामान अपुरे होते, सेनापतीही इथेच बदलला आणि सूत्रे आरेन्टशिल्टकडे आली. आज ज्या बाजारचौकात हंसवाल्या मुलीच्या कारंज्यापाशी विद्यार्थी आइस्क्रीम खात बसतात, त्या गल्ल्यांतून त्या आठवड्यात सुमारे १९ हजार माणसे वावरत होती.

भाचीने विचारले, “मामा, एवढे सैन्य होते तर ते इथेच का नाही लढले?” याचे उत्तर नकाशात आहे. उत्तरेकडून आणि पश्चिमेकडून प्रशियाच्या फौजा येत होत्या, आणि दक्षिणेला बव्हेरियाचे मित्रसैन्य होते. त्याला जाऊन मिळायचे, तर मध्ये प्रशियाचाच मुलूख ओलांडावा लागणार होता. २१ जूनला सैन्य निघाले आणि वाटेत वाटाघाटींत मोलाचे दिवस गेले.

रात्री भाचीने पिठले-भात केला. तिच्या घरी जेवायला आलेल्या मराठी मुलांपैकी एकाने फ्रान्झ कीलहॉर्न यांची आठवण काढली. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात १८६६ ते १८८१ या काळात संस्कृत शिकवलेले आणि पतंजलीच्या महाभाष्याची आवृत्ती सिद्ध केलेले कीलहॉर्न पुढे अखेरपर्यंत याच विद्यापीठात होते. त्यांचा जन्म १८४० चा, ओस्नाब्र्युकचा, म्हणजे हॅनोव्हर राज्यातला. ते पुण्यात रुजू झाले त्याच वर्षी त्यांचे राज्य नाहीसे झाले.

रविवार, बाड लांगेनझाल्झा

गॉटिंगेनहून इथे थेट प्रादेशिक गाडी आहे आणि प्रवास सुमारे तासाभराचा आहे. थ्युरिंगन हे वेगळे राज्य असल्याने आधीचे नीडरझाक्सनचे तिकीट इथवर चालत नाही, वेगळे काढावे. रविवारी जर्मनीत दुकाने बंद असतात, तेव्हा पाणी आणि खाणे आदल्या दिवशीच घेऊन ठेवावे. सोमवारी संग्रहालये बहुधा बंद असतात, म्हणून या गावासाठी सोमवार ठेवू नये. हायलिगेनश्टाट आणि म्युलहाउझन ही स्थानके खिडकीतून मागे जाताना पाहिली. याच वाटेने हॅनोव्हरचे सैन्य जूनच्या उन्हात चालत गेले होते. त्या वेळी इथे रेल्वे नव्हती.

गावात गुलाबांची मोठी बाग आहे आणि त्या दिवसांत ती पूर्ण बहरात होती. तिथून उनश्ट्रुट नदीपर्यंत चालत गेलो. नदी म्हणावी तर अगदी अरुंद, पण काठ उभे आणि चिखलाचे. पलीकडे मेर्क्सलेबेन हे खेडे आणि त्याच्या चर्चची टेकडी. तिच्यावर २७ जून १८६६ रोजी हॅनोव्हरच्या तोफा होत्या. पुलाजवळ बाकावर बसलेले एक निवृत्त शिक्षक भेटले. त्यांनी हातातल्या काठीने मला सारी लढाई जमिनीवर आखून दाखवली.

प्रशियाचा जनरल फ्लीस सुमारे नऊ हजार माणसांनिशी सकाळी चालून आला. त्याच्याबरोबर झाक्से-कोबुर्ग-गोथा या त्याहूनही लहान राज्याची रेजिमेंट होती. प्रशियाच्या हातात मागून भरायची सुईची बंदूक होती आणि हॅनोव्हरचे शिपाई अजून नळीच्या तोंडातून गोळी ठासत होते. म्हणजे शत्रू आडवा पडून भरभर झाडत असताना यांना उभे राहून ठासणे भाग होते. तरीही दुपारी हॅनोव्हरच्या बटालियन टेकडीवरून उतरल्या. पुलावर गोळ्यांचा मारा होता, तेव्हा काही जण पाण्यात उतरून छातीभर चिखलातून पलीकडे गेले. संख्येचे बळ त्यांच्याकडे होते, आणि शेवटी प्रशियाचे सैन्य मागे हटले. हॅनोव्हरचे सुमारे १,४०० जण ठार किंवा जखमी झाले. प्रशियाचे सुमारे ८०० आणि वर ९०० कैदी. गोथ्याहून दंडावर रेडक्रॉसची पट्टी बांधलेले स्वयंसेवक जखमींच्या मदतीला आले. रेडक्रॉसच्या इतिहासात या दिवसाचा आवर्जून उल्लेख होतो.

“आणि दोन दिवसांनी?” मी विचारले. “दोन दिवसांनी ते शरण आले,” शिक्षक म्हणाले. बव्हेरियाचे सैन्य आले नव्हते, दारूगोळा संपत आला होता आणि चहूबाजूंनी प्रशियाच्या ताज्या फौजा जमल्या होत्या. २९ जूनला तह झाला. अधिकाऱ्यांना तलवारी जवळ ठेवू दिल्या, शिपायांना शस्त्रे ठेवून घरी जाऊ दिले. सव्वाशे-दीडशे वर्षे जिब्राल्टर, मिनोर्का, मद्रास, स्पेन अशा परक्या मुलखांत दुसऱ्यांच्या युद्धांत लढलेले हे पायदळ आपल्या स्वतंत्र राज्यासाठी एकच मोठी लढाई लढले, आणि तीही जिंकले. मला या प्रवासात सर्वांत जास्त हलवून गेली ती ही गोष्ट.

युद्धाची स्मारके गावात आणि आसपासच्या शेतांत विखुरलेली आहेत. हॅनोव्हरची, प्रशियाची आणि कोबुर्ग-गोथ्याची वेगवेगळी. गावच्या संग्रहालयात या लढाईविषयी माहिती मिळते. ते आधी पाहिले तर शेतातल्या दगडांचा अर्थ लागतो. शक्य असेल तर सायकल भाड्याने घ्यावी आणि टोपी विसरू नये, कारण टेकडीवर सावली नाही. शिक्षकांनी मला पाणी दिले, आणि गावच्या खानावळीत बटाट्याचे मोठे गोळे मशरूमच्या रश्श्याबरोबर खावेत असा सल्लाही दिला. मांस न खाणाऱ्यांनी रश्शाविषयी आधी विचारून घ्यावे. माझ्यासाठी खानावळवाल्यांनी वेगळा करून दिला.

या पायदळाच्या मागावरचे ला हे सँत अजून पाहायचे राहिले आहे. ब्रसेल्सहून शार्लर्वाकडे जाणाऱ्या रस्त्यालगत ती वाडी आजही उभी आहे. ती खासगी मालकीची असल्याने आत जाता येत नाही, पण रस्त्यावरून भिंती, फाटक आणि त्यावरची स्मृतिशिला दिसते. पुढच्या जूनमध्ये तिकडे जायचे आम्ही ठरवले आहे आणि भाचीही सोबत येणार आहे.